रोममधील पायी सहल आणि गाइडची गरज : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

रोममध्ये गाइडबरोबर केलेल्या तीन तासांच्या पायी सहलीवरील माझ्या लेखावर आपण परखड आणि सविस्तर प्रतिक्रिया लिहिलीत, त्याबद्दल मनापासून आभार. ज्यांनी ती वाचलेली नाही त्यांच्यासाठी आपले म्हणणे थोडक्यात सांगते. रोमन सम्राट नीरोच्या काळात कोलोसियममध्ये ख्रिस्ती लोकांना सिंहांपुढे टाकत असत, हे माझे विधान साफ चुकीचे आहे आणि अशा दंतकथा गाइडमंडळीच पसरवतात, हा आपला पहिला आक्षेप. कोणत्याही चांगल्या पुस्तकात मिळणाऱ्या माहितीसाठी पैसे मोजून, कानाला हेडफोन लावून, पंचवीस जणांच्या घोळक्यात पळत राहण्यात काय अर्थ आहे, हा दुसरा. ‘गाइडशिवाय फोरम म्हणजे नुसते दगड’ या, प्राचीन रोमच्या मध्यवर्ती चौकाविषयीच्या, माझ्या वाक्याने स्वतः अभ्यास करून जाणाऱ्या माणसाचा अपमान होतो, हा तिसरा. शेवटी आपण विचारले आहे की, मार्चमध्ये आईंना घेऊन रोमला जाताना हा खर्च करावा की टाळावा.

आधी चुकीविषयी. आपले म्हणणे पूर्णपणे बरोबर आहे. नीरो इ. स. ६८ मध्ये मरण पावला. कोलोसियमचे बांधकाम त्यानंतर सत्तेवर आलेल्या व्हेस्पेशियनने सुरू केले आणि त्याचा मुलगा टायटस याच्या कारकिर्दीत, इ. स. ८० मध्ये, ते लोकांसाठी खुले झाले. इ. स. ६४ च्या आगीनंतर नीरोने ख्रिस्ती लोकांचा जो छळ केला, त्याचे वर्णन करताना इतिहासकार टॅसिटस नीरोच्या स्वतःच्या बागांचा उल्लेख करतो. त्या वेळी कोलोसियम अस्तित्वातच नव्हते. मात्र या चुकीचा दोष गाइडला देता येणार नाही. आपली प्रतिक्रिया वाचल्यावर मी त्या दिवशीची वही काढून पाहिली. आमच्या मार्गदर्शिका बाईंनी सांगितले होते ते असे की, आज जिथे कोलोसियम आहे तिथे नीरोच्या सुवर्णप्रासादातला कृत्रिम तलाव होता आणि व्हेस्पेशियनने ती राजाची खासगी जागा लोकांच्या खेळांसाठी मोकळी केली. ख्रिस्ती हुतात्म्यांचा विषय त्यांनी पुढे, आतल्या क्रुसापाशी काढला. अठराव्या शतकात पोप चौदावे बेनेडिक्ट यांनी ही वास्तू पवित्र ठरवली आणि त्यामुळे इमारतींसाठी तिचे दगड काढून नेण्याला आळा बसला, हे त्यांना सांगायचे होते. वहीत ही दोन टिपणे एकाखाली एक होती आणि काही महिन्यांनी लेख लिहिताना मी ती एकमेकांत मिसळून टाकली. मूळ लेखात दुरुस्ती केली आहे आणि चूक आपण दाखवून दिल्याची नोंदही तिथेच केली आहे.

गाइड दंतकथा सांगतात, हा आपला आरोप तरीही मी फेटाळत नाही, कारण त्याच दिवशी शेजारच्या एका गटाला त्यांचा गाइड हाताचा अंगठा खाली करून मृत्युदंडाची खूण दाखवत होता. लॅटिन ग्रंथांत अंगठा ‘वळवण्या’चा उल्लेख आहे, पण तो वर की खाली हे त्यांत स्पष्ट नाही, आज सर्वांच्या डोळ्यांपुढे जो खाली वळलेला अंगठा येतो, तो मुख्यतः एकोणिसाव्या शतकातील एका फ्रेंच चित्रामुळे. ‘मरायला निघालेले आम्ही तुला वंदन करतो’ हे वाक्यही तसेच. रोमन चरित्रकार सुएटोनियसने ते सम्राट क्लॉडियसपुढे एका तलावावर झालेल्या नौकायुद्धाच्या खेळाच्या संदर्भात दिले आहे, आणि ते म्हणणारे त्या युद्धात उतरवलेले लोक होते. ग्लॅडिएटर दर खेळाआधी ते म्हणत असत याला पुरावा नाही. अशा गोष्टी ऐकायला रंगतदार असतात आणि थकलेल्या लोकांना जागे ठेवतात, म्हणून त्या सांगितल्या जातात. त्यांचा मलाही आपल्याइतकाच राग आहे.

पण म्हणूनच मला एक फरक महत्त्वाचा वाटतो, आणि मूळ लेखात तो मी नीट मांडला नाही. काही गाइड फक्त काय घडले ते सांगतात. काही मात्र ते आपल्याला कशावरून कळले हेही दाखवतात. आमच्या बाईंनी कोलोसियमच्या आत आम्हाला एका लांबट शिलेपुढे उभे केले. तिच्यावर पाचव्या शतकातील दुरुस्तीचा लेख कोरलेला आहे. ती अक्षरे बाजूला ठेवा आणि अधूनमधून दिसणारी बारीक छिद्रे तेवढी पाहा, असे त्या म्हणाल्या. त्या शिलेवर आधी धातूची अक्षरे बसवलेली होती आणि ही छिद्रे ती अक्षरे अडकवण्यासाठी पाडलेली होती. गेझा अल्फोल्डी या विद्वानांनी १९९५ मध्ये केवळ छिद्रांच्या जागांवरून मूळ मजकुराची जुळणी केली आणि व्हेस्पेशियनने हे नवे रंगमंडल युद्धातील लुटीच्या पैशातून बांधवले, असा त्याचा अर्थ लावला. ही जुळणी आहे, प्रत्यक्ष वाचलेला लेख नव्हे, हेही बाईंनी स्पष्ट केले. ही माहिती पुस्तकात आहे, हे मान्य. परंतु पुस्तक वाचलेला माणूस त्या शिलेपुढे उभा राहिला तरी त्याची नजर साहजिकच ठळक अक्षरांकडे जाते, छिद्रांकडे जात नाही. आणि आपली नजर कुठे गेली आहे हे पुस्तकाला कळत नाही, शेजारी उभ्या असलेल्या माणसाला कळते.

फोरममध्ये हे आणखी तीव्रतेने जाणवते, कारण तिथे हजार-बाराशे वर्षांचे अवशेष एकाच मैदानात, एकमेकांना खेटून उभे आहेत. अँटोनायनस आणि फॉस्टिना यांच्या मंदिराचेच पाहा. सम्राट अँटोनायनस पायस याची पत्नी फॉस्टिना वारल्यावर तिच्यासाठी ते उभारले गेले आणि इ. स. १६१ मध्ये तोही गेल्यावर त्याचे नाव त्यात जोडले गेले. दर्शनी पट्टीवर आज दोन ओळी आहेत, त्यांतली त्याच्या नावाची वरची ओळ नंतरची आहे. पुढे या मंदिरातच चर्च झाले. त्या चर्चचा दरवाजा खांबांच्या मागे, पायऱ्यांच्या माथ्यापासून कित्येक मीटर उंचीवर अधांतरी दिसतो. मी तो एकटीने पाहिला असता तर कदाचित एखादी सज्जा कोसळली असेल असे समजून पुढे गेले असते. खरे म्हणजे दरवाजा बसवला तेव्हा जमीनच तिथवर आलेली होती. शतकानुशतके साचलेल्या माती-राडारोड्याखाली फोरम गाडले गेले होते, वर गुरे चरत होती आणि लोक त्या जागेला ‘गायरान’ याच अर्थाच्या नावाने ओळखत होते. एकोणिसाव्या शतकात पद्धतशीर उत्खनन झाले, माती हटली आणि दरवाजा मात्र वरच राहिला. खांबांच्या वरच्या टोकांना तिरक्या खाचा आहेत. खांब पाडण्यासाठी दोर अडकवण्याचा प्रयत्न झाला असावा, असा त्यांचा एक अर्थ लावला जातो. एवढा सगळा काळ त्या एका दर्शनी भागावर आहे. तिथून पुढे चालताना आपण किती खोल जमिनीवरून चाललो आहोत याचे भान मला पहिल्यांदा आले, आणि हे भान पायांनी चालल्याशिवाय येत नाही.

टायटसच्या कमानीपाशीही असेच झाले. मध्ययुगात ती एका गढीच्या भिंतीत चिणली गेली होती. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीस ज्युझेप्पे व्हालादिए यांनी ती मोकळी करून पुन्हा उभारली, तेव्हा नवा भाग मुद्दाम संगमरवराऐवजी ट्रॅव्हर्टाइन या वेगळ्या दगडात आणि कमी कोरीव ठेवला, जेणेकरून जुने काय आणि भर काय ते पाहणाऱ्याला ओळखता यावे. जेरुसलेमच्या लुटीचे, सात फाट्यांच्या दीपवृक्षाचे ते प्रसिद्ध शिल्प मला पुस्तकातून माहीत होते. कमानीचा निम्माअधिक बाहेरचा भाग दोनशे वर्षांपूर्वीचा आहे, हे मात्र मी त्याच पुस्तकात वाचूनही विसरले होते, आणि दगडाच्या रंगातला फरक बोटाने दाखवला गेल्यावर ते आता विसरणे शक्य नाही.

घोळक्याविषयी आणि घाईविषयी मला वाद घालायचा नाही. पंचवीस जणांच्या गटात मागच्यांना काही दिसत नाही, प्रश्न विचारता येत नाही, आणि तीन तासांत कोलोसियम, फोरम आणि पॅलाटाइन टेकडी तिन्ही उरकणाऱ्या सहलीत पॅलाटाइनच्या वाट्याला जेमतेम वीस मिनिटे येतात. आमच्याही गटाचे तसेच झाले आणि ते मी लेखात लिहायला हवे होते. हेडफोनविषयी मात्र माझे मत वेगळे आहे. त्यामुळे गाइडला ओरडावे लागत नाही आणि इतरांची शांतता टिकते. तो काढून थोडे मागे राहण्याची मोकळीक प्रत्येकाला असते, आणि मी ती घेतली होती.

‘नुसते दगड’ हे वाक्य मी मागे घेते. ते लिहिताना माझ्या मनात मी स्वतः होते. दहा वर्षांपूर्वी फोरममधून एकटी हिंडले तेव्हा मला खरोखर काही कळले नव्हते. पण माझ्या अज्ञानाला मी सर्वसाधारण नियमाचे रूप दिले, आणि वर्षानुवर्षे रोमन इतिहास वाचून तिथे जाणाऱ्यांवर त्यामुळे अन्याय झाला. आपण त्यांपैकी एक आहात हे आपल्या प्रतिक्रियेवरूनच दिसते.

आता मार्चविषयी. आपल्या वाचनाच्या जोरावर आपण कोलोसियम स्वतः पाहू शकाल. बाहेरून पूर्वेकडच्या टोकाला विटांचा मोठा आधार आहे, तो चुकवू नका. १८०७ च्या सुमारास राफाएल स्टर्न यांनी तो बांधला आणि घसरू लागलेल्या कमानींचे दगड ज्या वेड्यावाकड्या अवस्थेत होते त्याच अवस्थेत तो आजही धरून आहे. फोरमसाठी मात्र, आणि फक्त फोरमसाठी, परवानाधारक गाइड घ्यावा असे मी अजूनही म्हणेन. गट आठ-दहा जणांहून मोठा नसावा, आणि परवडत असेल तर आपल्या दोघांपुरताच गाइड ठरवावा, म्हणजे चालण्याचा वेग आईंच्या हाती राहील. तिथल्या जुन्या रस्त्याचे काळे दगड गोलसर आणि उंचसखल आहेत, गुडघ्यांना ते फार त्रास देतात, आणि सावली व बसण्याच्या जागा कमी आहेत. पॅलाटाइनचा चढ त्याच दिवशी घेऊ नका.

पँथिऑन या घुमटाच्या प्राचीन मंदिराला गाइड नको. आत जाण्याआधी एवढेच लक्षात असले तरी पुरे : दर्शनी भागावर सम्राट ऑगस्टसचा सहकारी अग्रिप्पा याने बांधले असे लिहिले असले, तरी विटांवरच्या शिक्क्यांवरून आजची इमारत त्यानंतर शतकाहून अधिक काळाने, सम्राट हेड्रियनच्या वेळी पूर्ण झाली हे सिद्ध झाले आहे, आणि घुमटाचा व्यास व जमिनीपासून त्याच्या माथ्यापर्यंतची उंची सारखीच, सुमारे ४३ मीटर आहे. बाकीचे ती वास्तू स्वतःच सांगते. आईंना आत बाकावर बसता येईल. त्या दिवशी पाऊस असेल तर बेत बदलू नका, उलट तेव्हाच जा, कारण घुमटाच्या मधल्या उघड्या गोलातून पाऊस सरळ आत येतो, मध्यभागी किंचित उंच असलेल्या फरशीवरून हळूहळू पसरतो आणि तिच्यातल्या बारीक छिद्रांतून खाली निघून जातो.