'नॉटिलस' ही एकट्याची किमया नव्हती

अमेरिकेच्या 'नॉटिलस' या पहिल्या अणुपाणबुडीविषयी एक मजकूर बराच फिरतो आहे. अमेरिकी नौदलातील अधिकारी हायमन रिकोव्हर यांना एकट्यालाच ही कल्पना सुचली, अणुबॉम्बचे तंत्र हाताशी असल्यामुळे पाणबुडी झटपट तयार झाली आणि ती पहिल्यापासूनच निःशब्द व इंधनाच्या चिंतेतून कायमची मुक्त होती, असे त्यात म्हटले आहे.

पहिला मुद्दा तारखांवरच कोसळतो. अमेरिकी नौदलाच्या संशोधन प्रयोगशाळेतील रॉस गन यांनी १९३९ मध्येच अणुशक्तीवरील पाणबुडीचा विचार मांडला होता आणि १९४६ मध्ये त्याच प्रयोगशाळेतील फिलिप एबलसन यांनी त्यावर अहवाल दिला होता. रिकोव्हर यांचे कर्तृत्व मोठेच, पण ते कल्पनेचे नसून ती तडीस नेण्याचे आहे.

बॉम्बचे तंत्र असले की पाणबुडी झाली, हे तर अधिकच भाबडे आहे. बॉम्बसाठी प्लुटोनियम बनवणाऱ्या, अमेरिकेतील हॅनफर्डच्या अणुभट्ट्या अवाढव्य होत्या आणि त्यांतली उष्णता नदीच्या पाण्याबरोबर वाहून जात असे. पाणबुडीत मात्र त्याच उष्णतेवर टर्बाइन फिरवायचे होते, तेही अरुंद जागेत. इंधनावरचे आवरण तापलेल्या पाण्यात टिकणारे आणि न्यूट्रॉन (अणू फुटण्याची साखळी चालू ठेवणारे कण) न गिळणारे हवे होते. झिर्कोनियम हा धातू त्याला योग्य ठरला, पण निसर्गतः त्यात हाफ्नियम हा दुसरा धातू मिसळलेला असतो आणि तो न्यूट्रॉन अधाशासारखे शोषतो. म्हणून हाफ्नियम वेगळे काढावे लागले. गंमत अशी, की पुढे त्याच हाफ्नियमचे नियंत्रक दांडे, म्हणजे न्यूट्रॉन शोषून अणुभट्टी आवरणारे दांडे, झाले. आधी आयडाहोच्या वाळवंटात पाणबुडीच्या सांगाड्यात नमुना अणुभट्टी बसवली गेली आणि १९५३ मध्ये तिच्यावर अटलांटिक ओलांडण्याइतकी सलग चाचणी झाली. (भारतानेही 'अरिहंत'आधी कल्पाक्कमला अशीच जमिनीवरची अणुभट्टी चालवून पाहिली.) 'सीवुल्फ' या पुढच्या अमेरिकी अणुपाणबुडीत उष्णता वाहून नेण्यासाठी पाण्याऐवजी द्रवरूप सोडियमचा पर्याय वापरला गेला, पण तो त्रासदायक ठरल्याने अखेर तिची अणुभट्टी बदलावी लागली.

इंधनाचे म्हणाल, तर 'नॉटिलस' १७ जानेवारी १९५५ रोजी अणुशक्तीवर निघाली आणि सुमारे ६२,५०० मैल कापून १९५७ मध्ये तिचे इंधन बदलावे लागले. पल्ला थक्क करणारा आहे, अमर्याद नव्हे.

निःशब्दतेचा दावा सर्वांत चुकीचा आहे. सांगाड्याच्या कंपनांमुळे आणि गोंगाटामुळे सुमारे चार नॉटपेक्षा (ताशी साधारण साडेसात किलोमीटर) जास्त वेगात तिचे स्वतःचेच सोनार, म्हणजे ध्वनीवरून पाण्यातील वस्तू शोधणारे यंत्र, निरुपयोगी ठरत असे. आवाज कमी करण्यासाठी गिअर टाळून विजेच्या मोटरवर चालणारी 'टुलिबी' ही अणुपाणबुडी अमेरिकी नौदलात आली ती १९६० मध्ये.