विठ्ठलाला झोपू न देण्याचे खात्रीशीर उपाय

आषाढीआधी पंढरपुरात देवाचा झोपायचा पलंग काढून ठेवतात. पाठीला लोड लावून विठोबा चोवीस तास दर्शनाला उभा. काकडा नाही, शेजारती नाही. अठ्ठावीस युगांची सवय आहे म्हणा, पण तेवढ्यावर सोडू नका. त्याला आणखी दमवायला आपणही हातभार लावू शकतो.

मागणं ऐसपैस ठेवा. पोराची नोकरी, पोरीचं लग्न, बांधावरची केस, सगळं पायावर डोकं टेकलेल्या दोन सेकंदांत उरकायचं.

हात पेढ्याचे असले तरी बिनधास्त लावा. पाय झिजले की मूर्तीची झीज थांबवायला वज्रलेप आहेच.

आणि मुख्य म्हणजे, रांगेत उभं राहू नका. गोपाळपुरापर्यंत जाणारी ती रांग ज्यांचं कुणी ओळखीचं नाही त्यांच्यासाठी असते. तुम्ही पत्र आणा. साहेबांचं नसेल तर साहेबांच्या पीएचं आणा. येताना मेव्हणा, मेव्हण्याचा पार्टनर, पार्टनरचा ड्रायव्हर, सगळे घ्या. यंदा असाच एक लवाजमा बाजूच्या दारानं आत गेला आणि आमची रांग जागच्या जागी थिजली. माझ्या पुढे परभणीकडच्या एक आजी होत्या, दिंडीतून चालत आलेल्या, टाचेला चिंधी बांधलेली. त्या बॅरिकेडच्या पाइपाला धरून खाली बसल्या. आत शाल, श्रीफळ, देवाच्या अंगावरचा हार साहेबांच्या गळ्यात! बाहेर येऊन मंडळी म्हणतात, "काय निवांत दर्शन झालं हो!" निवांत? होणारच की, बाहेर आम्हाला तुंबवून ठेवलं होतंत! आजींची पाळी आली तेव्हा "चला माउली, चला" म्हणत खांद्याला धरून पुढे ढकललं. डोकं टेकलं की नाही, त्यांनाच ठाऊक.

यात्रा सरली की प्रक्षाळपूजा होते. गरम पाण्यानं स्नान, पायांना लिंबू-साखर, रात्री काढा. देवाचा शिणवटा काढतात. तो शीण चालत आलेल्यांमुळे येतो असं वाटतं तुम्हाला? अहो, तुमच्यामुळे येतो! याच देवळाचं दार सगळ्यांना उघडावं म्हणून १९४७ साली साने गुरुजी उपाशी बसले, आणि तुम्ही त्याच देवळात स्वतःपुरतं वेगळं दार पाडून घेता. वर कपाळाला बुक्का! लाज नाही वाटत? फाडा ते पत्र आणि लागा आजींच्या मागे. तेवढा दम नसेल तर वारकरी करतात तसे कळसाला हात जोडा आणि गाडी वळवा.