कोकेरची दोन भावंडं

परवा शनिवारी चौथीच्या पोरांना शाळेतल्या प्रोजेक्टरवर इराणी दिग्दर्शक अब्बास कियारोस्तामीचा १९८७ चा 'मित्राचं घर कुठंय' हा सिनेमा दाखवला. भाषा फारसी, सबटायटल इंग्रजी, म्हणून मी शेजारी उभी राहून मराठीत सांगत होते, पण दहा मिनिटांत सांगायची गरजच उरली नाही. मित्राची वही चुकून आपल्या दप्तरात आली आणि उद्या गृहपाठ वहीत नसला तर गुरुजी त्याला शाळेतून काढणार, एवढं कळलं की बास. सिनेमातल्या त्या पोराची, अहमदची, आई कामात, हा पुन्हा पुन्हा सांगतोय की वही द्यायला जायचंय, आणि तिला ते ऐकूच येत नाहीये, तेव्हा पुढं बसलेली एक मुलगी ओरडलीच, "अगं ऐक ना त्याचं!"

सिनेमा संपल्यावर एकानं विचारलं, "बाई, हा पुढं मोठा ॲक्टर झाला का?"

नाही झाला. अहमदचं काम करणारा बाबक अहमदपूर आणि ज्याची वही असते तो मित्र झालेला अहमद अहमदपूर, हे खरे सख्खे भाऊ, उत्तर इराणमधल्या गिलान प्रांतातल्या कोकेर गावचे. मुलांसाठी काम करणारी कानून नावाची संस्था तिकडं १९६५ पासून आहे, तिनं हा सिनेमा काढला. म्हणजे पोरं काही ॲक्टर व्हायला तेहरानला गेली नव्हती, कॅमेराच गावात आला. टेकडीवरची ती प्रसिद्ध नागमोडी पायवाटसुद्धा शूटिंगसाठी पाडलेली आहे.

अशा पोरांबद्दल आपण पटकन म्हणतो, नशीब उघडलं. 'फँड्री' आला तेव्हा केमच्या सोमनाथ अवघडेबद्दलही लोक हेच बोलत होते. मला हे पटत नाही. त्या पोराकडं चेहरा होता, त्याची चाल होती, त्याची भीती होती, ते सिनेमानं घेतलं. उपकार झालेच असतील तर सिनेमावर झालेत.

आणि घेताना काय काय केलं जातं बघा. वर्गात तो वहीवाला मित्र रडतो ना, त्याबद्दल कियारोस्तामीनं स्वतःच सांगितलंय की पोराचा पोलरॉइड फोटो काढला होता आणि रडू यावं म्हणून तो त्याच्यासमोर फाडला. हा दिग्दर्शक मला जीव की प्राण आहे, तरी सांगते, हे चुकलंच. फोटो फाटल्यावर पोरगं कसं कोसळतं हे मी वर्गात रोज बघते, एखाद्याचं नुसतं चित्र ओलं झालं तरी दिवसभर मान वर करत नाही.

पण पुढं जे झालं त्यामुळं मी या माणसाला सोडू शकत नाही. २१ जून १९९० ला मध्यरात्री मंजील-रुदबारचा भूकंप झाला, हजारो माणसं गेली, कोकेर उद्ध्वस्त झालं. आणि कियारोस्तामी स्वतःच्या मुलाला गाडीत घालून या दोन पोरांना शोधायला निघाला. त्यातूनच १९९२ चा सिनेमा आला, त्यात एक दिग्दर्शक पहिल्या सिनेमाचं पोस्टर हातात घेऊन रस्त्यात भेटेल त्याला विचारत सुटतो, हा मुलगा बघितला का, आणि रस्ते खचलेले, लोक ढिगाऱ्यातून भांडीकुंडी काढतायत. पहिल्या सिनेमात दारं बनवणारा म्हातारा झालेले रुही आजोबा त्यात भेटतात आणि तोंडावर सुनावतात, की तुम्ही मला खोटं कुबड लावून आणखी म्हातारं दाखवलंत, ही कसली कला. गावातल्या माणसानं दिग्दर्शकाला असं म्हणावं आणि दिग्दर्शकानं ते कापू नये, सिनेमातच ठेवावं, हे मला कान महोत्सवातल्या कुठल्याही बक्षिसापेक्षा मोठं वाटतं.

गंमत म्हणजे त्या सिनेमात पोरं शेवटपर्यंत दिसतच नाहीत, गाडी चढावर धापा टाकत राहते आणि सिनेमा संपतो. दोघं दिसतात ते थेट १९९४ च्या तिसऱ्या सिनेमात, चांगली उंच झालेली, मिसरूड फुटायच्या वयाची.

पुढच्या शनिवारी दुसरा दाखवणार आहे. भूकंपाचं आधी सांगायचं की नाही यावर दोन दिवस विचार केला, शेवटी आज त्या प्रश्न विचारणाऱ्या पोराला बाजूला घेऊन सांगूनच टाकलं की दोघंही भाऊ वाचले, तू घाबरू नको.