आईचं तिकीट बाचीपर्यंतच

डिसेंबर आला की पुण्या-मुंबईच्या दोस्तांचे मेसेज सुरू, काय रे, बेळगावात वातावरण कसं हाय? टीव्हीवर त्यांना सुवर्णसौधमधलं कर्नाटक विधिमंडळाचं अधिवेशन दिसतं, नाहीतर 2022 ला सीमावादावरून हिरेबागेवाडी टोलनाक्यावर फोडलेल्या महाराष्ट्राच्या गाड्या. बाकीचे 11 महिने आम्ही कसे काढतो ते कोण विचारत नाही, म्हणून लिहायलोय.

ताईला दिलंय चंदगड तालुक्यात. वेंगुर्ला रोडनं गेलं की बाची संपलं आणि शिनोळी लागलं, झालं महाराष्ट्र. शेतं तीच, पाऊस तोच, भाषा पण तीच. पण 2023 पासून आमच्या घरात तिकिटाचं नवीन गणित आलंय. आईच्या आधारवर कर्नाटकचा पत्ता, म्हणून कर्नाटकच्या बसमध्ये शक्ती योजनेत तिला फुकट. ताईचं आधार लग्नानंतर बदललं, तिची शक्ती गेली. महाराष्ट्राच्या लालपरीत बायकांना अर्धं तिकीट, ते पण हद्दीपर्यंतच, पुढं बेळगावला यायला पूर्ण. आणि आमच्या बसमध्ये चढली तर कंडक्टर आधार बघून म्हणतो, तुम्हाला चालत नाही ओ अक्का. बाळंतपणाला माहेरी आलेली पोरगी, तिला म्हणे चालत नाही!

कागदांचं तर बोलूच नका. बाबा गेल्यावर वारसा लावायला उतारा काढला, सगळा कन्नडमध्ये. मला बोलता येतं ओ कन्नड, बाजारात, ऑफिसात तेच बोलतो आणि त्यात मला कमीपणा वाटत नाही, पण उताऱ्यातलं ते किचकट कन्नड वाचायला मी झेरॉक्सवाल्याच्या हातापाया पडलो. स्वतःच्या जमिनीचा कागद! 15 टक्क्यांच्या वर अल्पसंख्याक भाषिक असतील तिथं त्यांच्या भाषेत कागद द्यावेत हे कितीदा सांगून झालंय. उलट आता दुकानाच्या पाटीवर 60 टक्के कन्नड पाहिजे.

बेळगाव कर्नाटकात घातलं म्हणून 1 नोव्हेंबरला पाळतो त्या काळ्या दिवसाच्या फेरीत मी असतो, 17 जानेवारीला सीमालढ्यातल्या हुतात्म्यांना फुलं वाहायला पण जातो, कुणी शंका घेऊ नये. पण सुप्रीम कोर्टात महाराष्ट्राचा सीमेचा दावा पडून हाय 2004 पासून. तो लागायचा तेव्हा लागू दे, तोवर हद्दीजवळच्या गावांना दोन्हीकडचा पास आणि मराठीत कागद द्यायला कुणाचा हात धरलाय? तिकडचे मंत्री येतो येतो म्हणतात, इकडचे अडवतो म्हणतात, दोघांची बातमी होते.

आईनं मात्र आपला मार्ग काढलाय. फुकटात बाचीला उतरते, डबा मांडीवर घेऊन बसते, आणि शिनोळीकडनं जावई गाडी घेऊन येतात. येताना टाकी पण इकडंच फुल करतात, आमच्याकडं पेट्रोल स्वस्त.