कलम 56 चा शेवटचा परिच्छेद राहिला

न्यायालयाच्या स्थगितीने रेतीघाट (नदीतून रेती उपसण्यासाठी लिलावात दिलेली जागा) बंद पडला की भारतीय करार कायदा, 1872 च्या कलम 56 खाली करार निष्फळ होतो आणि ठेकेदाराला भरलेल्या रकमेपलीकडे काही मागता येत नाही, हे रेतीघाटांवरच्या एका लेखातील विधान अपुरे आहे. त्याच कलमाच्या शेवटच्या परिच्छेदानुसार, काम अशक्य किंवा बेकायदेशीर असल्याचे वचन देणाऱ्याला (इथे घाट लिलावात देणाऱ्याला) ठाऊक असेल, किंवा वाजवी दक्षतेने कळू शकले असते, आणि समोरचा (इथे ठेकेदार) अनभिज्ञ असेल, तर नुकसानभरपाई द्यावीच लागते. भरलेली रक्कम परत मागण्याचा आधार तर कलम 65 आहे: करार निष्फळ ठरला की त्याखाली मिळालेला लाभ परत करावा लागतो.

वैनगंगेकाठचा आमच्या गावचा घाट माझ्या मोठ्या भावाने लिलावात घेतला, तेव्हा पर्यावरण मंजुरीचा वाद आधीच सुरू होता, पण लिलावाच्या कागदांत त्याचा उल्लेख नव्हता. ताबा मिळाल्यावर अकराव्या दिवशी उपसा थांबला आणि दोन्ही ट्रॅक्टर दारात उभे राहिले. हप्ते मात्र थांबले नाहीत. त्याच दिवशी तलाठ्याकडून पंचनामा करून घेतला होता, म्हणून पुढे बंदीची तारीख तरी सिद्ध करता आली. शेजारच्या घाटवाल्याजवळ ताबापावतीशिवाय काहीच नव्हते.