नव्वद दिवस गेले म्हणून केस गेली?

परवा रात्री अकराला वाळूजहून पुतण्याचा फोन. कंपनीनं त्याला बडतर्फ केलंय. "काका, राहू द्या आता ते कोर्टाचं. नव्वद दिस तर कव्हाच होऊन गेले." कुणी सांगितलं, तर व्हॉट्सॲपवर आलंय. मेसेज पाठवला त्यानं: 'कामगार बांधवांनो सावधान'. नव्वद दिवसांत लेबर कोर्टात गेला नाहीत तर हक्क कायमचा संपला. कंपनी कागद कधीही दाखल करू शकते, कोर्टाला ते घ्यावेच लागतात. एक तारीख चुकली की केस खारीज. वकिलाशिवाय आत उभंही करत नाहीत. खाली 'जास्तीत जास्त शेअर करा'. केलं की लोकांनी! आमच्या गावच्या ग्रुपवर तीनदा आलाय.

नव्वद दिवसांचं आधी घेतो, कारण त्यापायी हे लेकरू गप घरी बसायला निघालं होतं. आकडा हवेतला नाही. महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथांच्या कायद्यात, कलम २८ मध्ये, तक्रारीला ९० दिवस दिलेत. पण मेसेज लिहिणाऱ्यानं कलमाचं शेपूटच छाटलं. पुढं परंतुक, म्हणजे 'पण' लावून जोडलेली सवलत, आहे: उशिराचं योग्य आणि पुरेसं कारण दाखवलं तर कोर्ट त्यानंतरही तक्रार घेऊ शकतं. विलंब माफीचा अर्ज तो हाच. शिवाय रस्ता काही एकच नाही. औद्योगिक विवाद कायद्याखाली बडतर्फीचा वाद समेट अधिकाऱ्याकडे, म्हणजे तडजोड घडवणाऱ्या सरकारी माणसाकडे, नेला आणि ४५ दिवसांत काही हाललं नाही, तर कामगाराला थेट कोर्टात जाता येत होतं. त्याला मुदत होती तीन वर्षं. त्या कायद्याच्या जागी आलेल्या नव्या औद्योगिक संबंध संहितेनं ती दोन वर्षांवर आणली. दोन वर्षं, तीन महिने नव्हे.

उशीर का झाला, विचारलं. म्हणे आई घाटी दवाखान्यात ॲडमिट होती, मग सोयाबीन काढायला आलं. म्हटलं, सोयाबीनचं राहू दे, घाटीचं डिस्चार्ज कार्ड आण. आणि बडतर्फीचं पत्र आलेलं पाकीट. पत्रावर एक तारीख, पाकिटावर पोस्टाचा शिक्का वीस दिवसांनंतरचा! ते पाकीट आमच्या वहिनींनी खताच्या पावत्या ठेवायला घेतलंय.

आता एक कबूल करावं लागतं, मनात नसलं तरी. उशीर फुकट जात नाही. सर्वोच्च न्यायालयाचा १९९९ चा निकाल आहे, अजायब सिंग विरुद्ध सरहिंदची सहकारी संस्था. माणसाला १९७४ मध्ये काढलं, त्यानं मागणी केली १९८१ मध्ये. न्यायालय म्हणालं, मुदत कायद्याच्या अनुसूचीतला अनुच्छेद १३७ या वादांना लागत नाही आणि नुसत्या उशिरापायी दाद नाकारता येत नाही. उशिरानं मालकाचं खरंच नुकसान झालं असेल तर ते मालकानं दाखवून द्यायचं. पण मधल्या सात वर्षांचा पगार त्या माणसाला मिळाला नाही. तेव्हा 'दिवाळीनंतर बघू' म्हणणाऱ्यांनी हा निकाल दोनदा वाचावा.

कंपनीच्या कागदांचं म्हणाल, तर उशिरा आलेले कागद कोर्ट घेऊ शकतं, घ्यावेच लागतात असं नाही. घेतले तरी तुम्हाला प्रत, म्हणणं मांडायला वेळ आणि उलटतपास हवाच. आमच्याच एका केसमध्ये कंपनीनं ऐन उलटतपासाच्या दिवशी हजेरीपटाच्या झेरॉक्स पुढं केल्या. आम्ही लेखी हरकत दिली, रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या नोंदीत, ती लिहून घेतली, मूळ रजिस्टर मागितलं. पुढच्या तारखेला रजिस्टर आलं. आमच्या माणसाच्या नावापुढचे 'गैरहजर' निळ्या शाईत, बाकी अख्खं पान काळ्या. गप बसलो असतो तर त्या झेरॉक्सवर निळं-काळं दिसणार कुणाला?

बाकी दोन मुद्द्यांवर वेळ घालवत नाही. तारीख चुकली तर कारण देऊन केस परत बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, घ्यायचा अर्ज करता येतो, फक्त लगेच करा. आणि वकिलाचं तर उलटंच आहे. औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम ३६ प्रमाणे वकील द्यायलाच समोरच्याची संमती आणि कोर्टाची परवानगी लागत होती, नव्या संहितेतही तेच आहे. युनियनचा माणूस उभा राहू शकतो.

हे सगळं पुतण्याला सांगितलं. सकाळी त्याचा फोन, "काका, पाकीट सापडलं. शिक्का जरा पुसट झालाय, पण तारीख वाचता येती."

म्हटलं, पावत्या काढून घे आणि तसंच घेऊन ये. घडी घालू नको.