‘तुम्ही ते... हे ना?’

नायक व्हायचा विचार आधी डोक्यातून काढून टाका. नायकाला कथानक सांभाळावं लागतं, शिवाय केस. तुम्ही हुकमी नट व्हा. म्हणजे वेळेवर येणारा, संवाद पाठ असणारा आणि नुसता कोट बदलून वकील, डॉक्टर, इन्स्पेक्टर किंवा मुलीचा बाप म्हणून उभा करता येणारा.

पाठांतर चोख ठेवा. तुमचं चोख असलं की नायकाचं कच्चं खपतं. खून कोणी केला, मृत्युपत्रात काय आहे, कोण कोणाची सावत्र बहीण, ही पानभर माहिती तुमच्याच तोंडी येणार. नायकानं फक्त ‘काय?’ म्हणायचं. त्या ‘काय?’ला क्लोज-अप.

क्लोज-अपचंही एक शास्त्र आहे. बहुधा आधी नायकाचा घेतात. तेव्हा तुम्ही कॅमेऱ्याच्या बाजूला, अंधारात उभं राहून त्याला क्यू द्यायचा. तोही जीव ओतून, कारण त्याचे डोळे भरून यायला हवेत. मग तुमची पाळी येते. तोवर नायक घरी गेलेला असतो. त्याचे संवाद दिग्दर्शकाचा सहायक वाचतो, सपाट आवाजात, मध्येच घड्याळ बघत. त्या सहायकाकडे बघून तुम्ही पोटचा पोर गमावल्यासारखं रडायचं. एका टेकमध्ये; लाइटवाले खोळंबलेले असतात. (आणि हो, चष्मा कुठल्या वाक्याला काढला होता ते लक्षात ठेवा. नायकानं कप कुठल्या हातात धरला होता तेही. त्याच्या लक्षात नसतं.)

आता संधी. ती दुसरा कोणी मोकळा नसला की मिळते. ‘ब्रेकिंग बॅड’ या अमेरिकी मालिकेच्या दुसऱ्या पर्वाच्या शेवटी, त्यातल्या सॉल वकिलाचं काम करणारे बॉब ओडेनकर्क दुसऱ्या मालिकेच्या चित्रीकरणात अडकले, म्हणून २००९मध्ये जोनाथन बँक्स या नटानं केलेलं माइक नावाचं पात्र जन्माला आलं. कामचलाऊ म्हणून आलेला हा गडी पुढे हलेचना. २०१२मध्ये लेखकांनी त्याला मारून टाकलं, तर आधीच्या काळातली नवीच मालिका निघाली आणि ‘बेटर कॉल सॉल’च्या सहाही पर्वांत माइक पुन्हा कामावर हजर! एमीची, म्हणजे अमेरिकेतल्या टीव्ही पुरस्काराची, नामांकनं येत राहिली, पुतळा आला नाही. पण हुकमी माणसानं असल्या गोष्टी मनाला लावून घ्यायच्या नसतात, दुसऱ्या दिवशी सकाळचा कॉल असतो.

नाव मात्र होतं हं. अमेरिकेतल्या चरित्र अभिनेत्री मार्गो मार्टिनडेल यांना तीन एमी मिळाल्यात. ‘बोजॅक हॉर्समन’ या कार्टून मालिकेत तर त्यांना चक्क स्वतःचीच भूमिका मिळाली. तिथे सगळे त्यांचा उल्लेख पूर्ण हुद्द्यासकट करतात: ‘कॅरेक्टर अ‍ॅक्ट्रेस मार्गो मार्टिनडेल’. न जाणो, विसरल्या तर!

तुम्हालाही रस्त्यात कोणीतरी थांबवेल. ‘तुम्ही ते... हे ना?’ हो म्हणा. सेल्फी काढू द्या. ते ज्या भूमिकेचं तोंडभर कौतुक करतील ती तुम्ही केलेलीच नसेल. तरी हसून ‘थँक्यू’ म्हणा. ज्यानं केली, तो दुसऱ्या कुठल्या तरी रस्त्यावर तुमचं कौतुक खिशात घालत असेल.